१९४७ मध्ये एक रुपया म्हणजे एक डॉलर नव्हता

स्वातंत्र्यदिन जवळ आला की ठाण्यातल्या सोसायट्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मजकूर न चुकता फिरू लागतो. तो थोडक्यात असा: १९४७ मध्ये एक रुपया एका डॉलरबरोबर होता आणि १९१७ मध्ये तर एका रुपयाला तेरा डॉलर मिळत. स्वतंत्र होताना देशावर परकीय कर्जाचा एक पैसाही नव्हता, म्हणून रुपया बळकट होता. पुढे राज्यकर्त्यांनी पंचवार्षिक योजनांसाठी परदेशांतून कर्जे घेतली, त्यामुळे रुपया घसरत गेला आणि १९९१ मध्ये देशाचे सोने विकण्याची वेळ आली. रुपया आजही डॉलरच्या बरोबरीचा असता, तर आपण सगळे श्रीमंत असतो. हा मजकूर पुढे पाठवणारी माणसे शिकलेली असतात आणि देशाविषयीच्या कळकळीनेच तो पाठवतात. म्हणूनच त्याचे उत्तर मुद्देसूद द्यायला हवे.

पहिला मुद्दा १९४७ च्या दराचा. त्या काळी रुपयाची गाठ थेट डॉलरशी नव्हती, ती पौंडाशी बांधलेली होती. १९२७ च्या चलन कायद्याने एका रुपयाची किंमत १ शिलिंग ६ पेन्स ठरवली. पौंडात २० शिलिंग आणि शिलिंगात १२ पेन्स, म्हणजे पौंडाचे २४० पेन्स होतात. त्यांना १८ ने भागले की १३.३३ येतात, म्हणजे एका पौंडाला १३ रुपये आणि सुमारे ५ आणे पडत. १९४७ मध्ये एका पौंडाला ४.०३ डॉलर मिळत. आता १३.३३ ला ४.०३ ने भागावे, उत्तर ३.३१ येते. एक डॉलर घ्यायला ३ रुपये ३१ पैसे लागत. हा केवळ आकडेमोडीतून काढलेला अंदाज नाही. आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचा संस्थापक सदस्य या नात्याने भारताने डिसेंबर १९४६ मध्ये रुपयाचे जे अधिकृत मूल्य नोंदवले, ते होते ०.२६८६०१ ग्रॅम शुद्ध सोने, किंवा ३०.२२५ अमेरिकी सेंट. तिरंगा फडकला त्या दिवशी रुपया डॉलरच्या एक तृतीयांशाहूनही थोडा कमी भरत होता.

१९१७ च्या तेरा डॉलरांचे खंडन तर नाणीच करतात. त्या वेळच्या चांदीच्या रुपयाचे वजन १८० ग्रेन (वजनाचे एक जुने लहान माप) होते आणि त्यात १६५ ग्रेन शुद्ध चांदी असे. अमेरिकेच्या चांदीच्या डॉलरमध्ये ३७१.२५ ग्रेन शुद्ध चांदी होती. म्हणजे एक डॉलर वितळवला, तर त्यातून सव्वादोन रुपयांची चांदी निघाली असती. पहिल्या महायुद्धात भारतात नोटा देऊन चांदीचे रुपये मागणाऱ्यांची रीघ लागली आणि सरकारी तिजोरीतली चांदी आटत चालली. तेव्हा ब्रिटनने अमेरिकेकडे चांदी मागितली. अमेरिकेने एप्रिल १९१८ मध्ये पिटमन कायदा करून आपले डॉलर वितळवले आणि ती चांदी औंसाला एक डॉलर दराने भारतासाठी दिली. औंसात ४८० ग्रेन असतात, त्यामुळे या दराने रुपयाभर चांदीचे ३४ सेंट होतात. तेरा हा आकडा कदाचित पौंडाच्या १३.३३ रुपयांवरून, तोही उलटा करून, आला असावा, असा माझा तर्क आहे.

आता कर्जाचा मुद्दा. त्यावर मला अधिक थांबायचे आहे, कारण इथे एका खोट्या अभिमानाखाली खरा इतिहास गाडला जातो. १९४७ मध्ये भारतावर परकीय कर्ज जवळपास नव्हते, हे बरोबर आहे. पण सत्य त्याच्याही पुढचे आहे: ब्रिटन भारताचे देणे लागत होता. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश फौजांसाठी इथून कापड, धान्य, चामडे, तंबू, दारूगोळा उचलला गेला. ब्रिटनच्या वाट्याचा खर्च लंडनमध्ये रिझर्व्ह बँकेच्या खात्यावर पौंडांत जमा होई आणि त्या पौंडांच्या आधारावर इथे नोटा छापून शेतकऱ्याचे, गिरणीवाल्याचे पैसे चुकते केले जात. माल गेला, नोटा वाढल्या, महागाई भडकली, १९४३ मध्ये बंगालमध्ये लाखो माणसे अन्नावाचून मेली. त्या हालअपेष्टांच्या बदल्यात लंडनमध्ये जे साचले, ती ही स्टर्लिंग, म्हणजे पौंडांतली, शिल्लक.

जुलै १९४४ मध्ये ब्रेटन वुड्स येथे नाणेनिधी आणि जागतिक बँक यांची आखणी झाली, तेव्हा भारताच्या शिष्टमंडळाने या शिलकीचा प्रश्न नेटाने मांडला. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळाचे अर्थसदस्य सर जेरेमी रेझमन यांच्या नेतृत्वाखालच्या त्या शिष्टमंडळात रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर, आपले रायगडचे चिंतामणराव देशमुख होते, षण्मुखम चेट्टी होते आणि मुंबईचे उद्योगपती ए. डी. श्रॉफ होते. बँकेत दहा लाख डॉलर पडून आहेत, पण टॅक्सीचे भाडे द्यायला हातात नाणे नाही, अशा माणसासारखी आमची अवस्था तुम्ही करणार आहात का, अशा आशयाचा सवाल श्रॉफ यांनी तिथे केला. या शिलकीतला काही भाग तरी नाणेनिधीमार्फत डॉलरसारख्या चलनात बदलून मिळावा, एवढीच मागणी होती. ती नाकारली गेली. हा प्रश्न भारताने आणि ब्रिटनने आपसात सोडवावा, अशी ब्रिटनच्या वतीने तिथे आलेले अर्थतज्ज्ञ केन्स यांची भूमिका होती. एक परतंत्र देश आपल्या सत्ताधाऱ्याविरुद्ध आर्थिक हक्काची मागणी जगासमोर मांडत होता. ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात यायला हवी, असे मला मनापासून वाटते.

ऑगस्ट १९४७ मध्ये याविषयी करार झाला, तेव्हा ही शिल्लक सुमारे ११६ कोटी पौंड, म्हणजे दीड हजार कोटी रुपयांहून अधिक होती. त्यातले साडेसहा कोटी पौंड तेवढे वापरण्यासाठी मोकळे झाले. उरलेली रक्कम दुसऱ्या खात्यात गोठवून ठेवण्यात आली. पुढे त्यातूनच ब्रिटिश अधिकाऱ्यांच्या निवृत्तिवेतनाची आणि मागे राहिलेल्या लष्करी सामानाची किंमतही वळती झाली. भारत १९४७ मध्ये कर्जदार नव्हता, सावकार होता, आणि तरीही डॉलरला ३ रुपये ३१ पैसेच पडत होते. कर्ज नसले की रुपया डॉलरच्या बरोबरीला येतो, हा सिद्धान्त इथेच कोसळतो.

कर्जे घेतली म्हणून रुपया घसरला, हे विधान तारखांना धरून तपासावे. पहिली घसरण झाली सप्टेंबर १९४९ मध्ये. पहिली पंचवार्षिक योजना सुरू झाली १९५१ मध्ये. जागतिक बँकेकडून रेल्वेसाठी ३.४ कोटी डॉलरचे पहिले कर्ज ऑगस्ट १९४९ मध्ये मिळाले होते, हे खरे; परंतु घसरणीचे कारण लंडनमध्ये होते. ब्रिटनने १८ सप्टेंबर १९४९ रोजी पौंड ४.०३ डॉलरवरून २.८० डॉलरवर आणला. रुपया पौंडाशी बांधलेला असल्यामुळे तोही त्याच प्रमाणात खाली आला आणि डॉलर ४ रुपये ७६ पैशांचा झाला. ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, दक्षिण आफ्रिका, आयर्लंड यांनीही तेच केले. पाकिस्तानने मात्र नकार दिला. त्यामुळे पूर्व बंगालच्या तागाचा भाव कोणत्या दराने चुकवायचा यावर तंटा होऊन दोन्ही देशांचा व्यापार ठप्प झाला. लंडनमध्ये अडकलेल्या आपल्या शिलकीची डॉलरमधली खरेदीशक्तीही त्या एका निर्णयाने सुमारे ३० टक्क्यांनी कमी झाली. खरा नुकसानीचा हिशेब इथे आहे, पण व्हॉट्सअ‍ॅपवरच्या त्या मजकुराला त्याचा पत्ताच नाही.

त्यानंतर १९४९ ते १९६६ हा दर ४ रुपये ७६ पैशांवर स्थिर होता. परदेशी कर्जे आणि मदत याच काळात खूप वाढली. भारताला मदत देणाऱ्या देशांचा गट १९५८ मध्ये जागतिक बँकेच्या पुढाकाराने स्थापन झाला. कर्ज वाढले की दर पडतो, एवढे सरळ नाते असते, तर ही सतरा वर्षे अशी गेलीच नसती. अर्थात स्थिर दर म्हणजे सुदृढ रुपया नव्हे. आयात परवाने, जकाती आणि निर्यात अनुदाने यांचे टेकू देऊन तो दर उभा ठेवला होता. १९६५ चे युद्ध, त्याच वर्षीचा दुष्काळ आणि अमेरिकेने रोखलेली मदत यांनी ते टेकू निखळले. ६ जून १९६६ रोजी डॉलर साडेसात रुपयांचा झाला. या निर्णयामागे जागतिक बँकेचा आणि अमेरिकेचा दबाव होता, हा आक्षेप मला मान्य आहे. अवमूल्यनाच्या बदल्यात वर्षाला सुमारे ९० कोटी डॉलरच्या मदतीची अपेक्षा दाखवण्यात आली आणि ती मदत पुढे अपेक्षेइतकी आली नाही. या मजकुरातला तेवढा धागा धरण्यासारखा आहे.

रुपया डॉलरच्या बरोबरीचा असता तर आपण श्रीमंत असतो, हे म्हणणे स्वातंत्र्यलढ्यातल्या माणसांना मान्य झाले नसते. १९२६ मध्ये भारताच्या चलनाविषयी नेमलेल्या हिल्टन यंग आयोगाने रुपयासाठी १ शिलिंग ६ पेन्स हा दर सुचवला, तेव्हा आयोगाचे सदस्य, मुंबईचे कापूस व्यापारी सर पुरुषोत्तमदास ठाकुरदास यांनी त्याच्याविरुद्ध आपले मत स्वतंत्रपणे नोंदवले. त्यांना १ शिलिंग ४ पेन्स हवे होते, म्हणजे स्वस्त रुपया. लंडनला एक पौंड किमतीचा कापूस विकला, तर १ शिलिंग ४ पेन्सांच्या दराने वऱ्हाडातल्या किंवा खानदेशातल्या शेतकऱ्याच्या मालाचे १५ रुपये होत. १ शिलिंग ६ पेन्सांच्या दराने १३ रुपये ५ आणे. शेतसारा आणि सावकाराचे व्याज मात्र तेवढेच राही. उलट महाग रुपयामुळे मँचेस्टरचे कापड इथे स्वस्त पडे. जानेवारी १९३० मध्ये गांधीजींनी व्हाइसरॉय आयर्विन यांच्यापुढे ज्या अकरा मागण्या ठेवल्या, त्यांत मिठावरील कर रद्द करण्याबरोबरच हुंडणावळीचा, म्हणजे चलन बदलण्याचा, दर १ शिलिंग ४ पेन्सांवर आणण्याची मागणी होती. राष्ट्रीय चळवळ रुपया स्वस्त करा म्हणत होती आणि तो महाग ठेवत होते परके सरकार.

त्याच आयोगापुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीही साक्ष दिली होती. घसरत्या दरातून निर्यातदाराला होणारा लाभ परदेशातून येत नाही, तो देशातल्याच एका वर्गाच्या खिशातून दुसऱ्या वर्गाच्या खिशात जातो, असे त्यांचे म्हणणे होते. कारण भाव चढतात आणि मजुरी मागे राहते. दराच्या चर्चेत विचारायचा प्रश्न हाच आहे: या दराने कोणाचे किती वाढते आणि कोणाचे किती घटते? आज डॉलर ऐंशी रुपयांच्या बराच वर आहे. उद्या फर्मान काढून तो एक रुपयाचा केला, तर ऐरोली-महापे पट्ट्यातल्या ज्या कंपन्या परदेशी गिऱ्हाइकांना डॉलरमध्ये बिल लावतात, त्यांना हजार डॉलरच्या बिलाचे हजार रुपये मिळतील आणि पगार मात्र आजच्याच रुपयांत द्यावे लागतील. न्हावाशेवा बंदरात परदेशी मालाची रांग लागेल आणि तो माल घ्यायला लागणारे डॉलर थोड्याच दिवसांत संपतील. जपानचा येन १९४९ ते १९७१ डॉलरला ३६० असा होता आणि याच वर्षांत जपान जगातल्या बड्या औद्योगिक राष्ट्रांच्या पंगतीला जाऊन बसला.

राहिले १९९१ चे सोने. आखाती युद्धाने तेल महागले, तिथल्या भारतीयांकडून येणारा पैसा आटला, परकीय चलनाची गंगाजळी जेमतेम दोन-तीन आठवड्यांच्या आयातीपुरती उरली. मे महिन्यात स्टेट बँकेमार्फत २० टन सोने परत विकत घेण्याच्या अटीवर स्वित्झर्लंडच्या बँकेला देण्यात आले. जुलैमध्ये रिझर्व्ह बँकेने ४६.९१ टन सोने बँक ऑफ इंग्लंड आणि बँक ऑफ जपान यांच्याकडे तारण ठेवून ४०.५ कोटी डॉलर उभे केले. हे जुलैमधले सोने विकले नव्हते, तारण ठेवले होते. ते कर्ज त्याच वर्षी फेडले गेले आणि सोने लंडनच्या तिजोरीत पडून असले, तरी मालकी पुन्हा पूर्णपणे आपली झाली. नोव्हेंबर २००९ मध्ये रिझर्व्ह बँकेने नाणेनिधीकडूनच आणखी २०० टन सोने विकत घेतले, आणि २०२४ मध्ये लंडनला ठेवलेल्या सोन्यापैकी सुमारे १०० टन भारतात आणले गेले.