उरल नदीकाठी म्हणे कुणी राहतच नव्हतं

माझी भाची रशियात, ओरेनबुर्गला एमबीबीएस करते, म्हणून पालकांच्या एका व्हॉट्सॲप ग्रुपवर मलाही घेतलंय. एरवी तिथं फी, रुबलचा भाव आणि विमानात लोणचं नेता येतं का, यापलीकडं विषय जात नाही. मागच्या महिन्यात मात्र एक लांबलचक मेसेज येऊन पडला : ‘तुमची मुलं जिथं शिकतात त्या भूमीचा खरा इतिहास’. वर ‘अनेकदा फॉरवर्ड केलेला’ असा शिक्का. दोन दिवसांत तोच मेसेज मला आणखी तीन ग्रुपांवरून आला, त्यातला एक सोसायटीचा. उरल नदी आणि तिच्या काठची माणसं यांच्याबद्दल त्यात जी विधानं आहेत, ती एकेक करून घेतो. काही विधानांना दोन ओळी पुरतात, काहींना पुरत नाहीत.

‘स्टेप म्हणजे ओसाड माळ. नदीकाठी फक्त भटक्या टोळ्या फिरायच्या. रशियन येईपर्यंत तिथं एक गावसुद्धा नव्हतं.’

अशी समजूत होण्यात आपल्या शाळेचाही थोडा हात आहे. स्टेप्स, प्रेअरी, पंपास हे आपण एका दमात पाठ केलं. स्टेप्सच्या वाट्याला तंबूत राहणारा आणि घोडीचं दूध पिणारा एक मेंढपाळ आला, तोही परीक्षेपुरता.

ही नदी २,४२८ किलोमीटर लांब आहे. युरोपात व्होल्गा आणि डॅन्यूबनंतर तिचाच नंबर. बश्कोर्तोस्तानच्या डोंगरांत उगम पावते, मॅग्निटोगोर्स्कवरून दक्षिणेला येते, ओर्स्कपाशी पश्चिमेला वळते, ओरेनबुर्गवरून कझाकस्तानात शिरते, उराल्स्कला पुन्हा दक्षिणेचा रस्ता धरते आणि अतिराऊच्या खाली कॅस्पियन समुद्राला मिळते. खालच्या अंगाला, अतिराऊच्या वर सुमारे पन्नास किलोमीटरवर, उजव्या तीरावर सराइचिक नावाचं गाव आहे. रशियन फौजा या मुलखात यायच्या कितीतरी आधी, तेराव्या-चौदाव्या शतकात, सुवर्ण टोळी या मंगोल राज्याच्या खानांच्या अमलात इथं शहर होतं. मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता १३३०च्या दशकात इथून गेला. नदीवर होड्या जोडून केलेला पूल त्यानं पाहिला आणि त्याला बगदादचा पूल आठवला. पुढं वाळवंट लागणार म्हणून त्यानं गाड्यांचे घोडे इथं विकून उंट भाड्यानं घेतले. घोड्यांना भाव काय मिळाला, तर नगाला चार दिनार किंवा त्याहूनही कमी, कारण घोडे थकलेले होते आणि बाजारात घोडा मुळातच स्वस्त होता. पूल, बाजार, भाड्याचे उंट आणि पडलेला भाव, एवढं सगळं जिथं आहे तिथं गाव नव्हतं म्हणायचं तर गाव कशाला म्हणतात ते आधी ठरवावं लागेल.

उत्खननात तिथं मातीचे भाजलेले जलवाहिनीचे नळ निघाले, नाणी निघाली. पुढं ही नोगाई टोळीची, म्हणजे सुवर्ण टोळी फुटून झालेल्या एका राज्याची, राजधानी झाली. कझाक खानांपैकी कासिम खान इथंच वारला, असं मानतात. सोळाव्या शतकाच्या अखेरीस कॉसॅकांनी, म्हणजे रशियाच्या सीमेवरच्या स्वतंत्र लढवय्यांनी, शहर लुटून उद्ध्वस्त केलं. म्हणजे ‘रशियन येईपर्यंत गाव नव्हतं’ हे वाक्य उलटं वाचलं तर खऱ्याच्या जास्त जवळ जातं. उरलेलं काम नदी करते आहे. पात्र सरकत सरकत जुन्या वस्तीचा काठ कापत चाललं आहे. उराल्स्कजवळही मध्ययुगीन शहराचे अवशेष सापडलेत. तिथं विटांच्या भट्ट्या आणि हमामखाना होता. हमामखाना भटक्या टोळ्या पाठीवर घेऊन फिरत नाहीत.

आणि फिरणाऱ्यांबद्दलही एक सांगायला हवं. कझाकांचं फिरणं म्हणजे वाट फुटेल तिकडं जाणं नव्हतं. उन्हाळ्याची जागा ‘झायलाऊ’, हिवाळ्याची ‘किस्ताऊ’. हिवाळ्यातली जागा बहुतेक वेळा नदीकाठच्या बोरूच्या आणि झाडीच्या आडोशाला असे, आणि कुणाचं किस्ताऊ कुठलं यावरून भांडणंही होत. रिकाम्या जागेवरून कुणी भांडत नाही.

‘नदी नावापुरती. उन्हाळ्यात कुणीही चालत पार करतं.’

एप्रिल २०२४ मध्ये ओर्स्कचा बंधारा फुटला तेव्हा हाच ग्रुप रात्रभर जागा होता. ओरेनबुर्गला पाणी ११ मीटरच्या वर गेलं होतं. वर्षाचं बहुतेक पाणी वसंतात, बर्फ वितळताना, काही आठवड्यांत येतं. ऑगस्टचा फोटो पाहून या नदीबद्दल बोलू नये. बगदादच्या खलिफाच्या वकिलातीबरोबर निघालेला इब्न फदलान ९२२च्या वसंतात इथं पोचला. वाटेतल्या सगळ्या नद्यांत ही सर्वांत मोठी आणि सर्वांत जोराच्या ओढीची, असं त्यानं लिहून ठेवलंय. कातड्याची एक होडी त्याच्या डोळ्यांदेखत उलटली. आतली माणसं बुडाली, उंट आणि घोडे वाहून गेले. बाकीचे कसेबसे पलीकडं पोचले.

‘अर्काइम हे वेदकालीन आर्यांचं शहर. स्वस्तिकाच्या आकाराचं. आपल्याच पूर्वजांनी वसवलेलं.’

मेसेज लिहिणाऱ्यानं वरचा परिच्छेद वाचला नसावा. एक गावसुद्धा नव्हतं तर हे शहर आलं कुठून?

असो. अर्काइम खरं आहे, आणि त्याच्यावर चढवलेल्या पुटांपेक्षा जास्त मजेदार आहे. उरलला मिळणाऱ्या बोल्शाया करागांका नदीवर धरण व्हायचं होतं. पाण्याखाली जाणाऱ्या जमिनीची पाहणी करताना १९८७ मध्ये चेल्याबिन्स्कच्या पुरातत्त्व पथकाला ही वस्ती सापडली. गेन्नादी झ्दानोविच यांनी ती वाचवायला जिवाचं रान केलं आणि शेवटी धरणच रद्द झालं. धरणापायी जुनी वस्ती बुडते, हे आपण पाहिलेलं आहे. वस्तीपायी धरण बुडाल्याचं उदाहरण दुर्मीळच.

आकार स्वस्तिकाचा नाही. एकात एक अशी दोन वर्तुळं, तट आणि खंदक, तटाला पाठ लावून ओळीनं बांधलेली घरं, मधोमध चौक. घरांत विहिरी आणि त्यांना लागून तांबं-कांसं गाळायच्या भट्ट्या. काळ साधारण इसवी सनपूर्व २००० च्या आगेमागे. ही वस्ती ज्या सिंताश्ता संस्कृतीतली, तिच्या थडग्यांत आऱ्यांच्या चाकांचे जगातले सर्वांत जुने रथ मिळाले. हे लोक हिंद-इराणी भाषांच्या पूर्वजांपैकी असावेत, असं बरेच अभ्यासक मानतात. तो वाद गंभीर आहे आणि चालू आहे. पण ‘वेदकालीन शहर’ ही उडी त्याच्याही पलीकडची. तिथं लिपीतलं एक अक्षर मिळालेलं नाही, देऊळ मिळालेलं नाही. मिळालंय ते धातू गाळणाऱ्या माणसांचं गाव, जे त्यांनी काही पिढ्यांनी जाळलं किंवा जळालं आणि सोडून दिलं. मला तेवढं पुरतं.

‘उरल हे नदीचं अतिप्राचीन नाव, संस्कृत उरस् वरून आलेलं.’

इथं मात्र थांबायला हवं, कारण हे विधान नुसतं चूक नाही. ज्यांनी नाव बदललं त्यांना जे हवं होतं, तेच ते बिनबोभाट पुढं नेतं.

नदीचं नाव याइक. टॉलेमीनं दुसऱ्या शतकात ते ‘दाइक्स’ असं नोंदलं, म्हणजे निदान अठराशे वर्षं नाव तेच. कझाक आजही ‘झायिक’च म्हणतात. मग उरल कुठून आलं? १७७१ मध्ये व्होल्गाकाठचे काल्मिक, म्हणजे मंगोल वंशाचे भटके लोक, झारशाहीच्या जाचाला कंटाळून दीड लाखाहून जास्त माणसांनिशी पूर्वेला, आपल्या जुन्या मुलखाकडं निघाले आणि याइक ओलांडून गेले. त्यांचा पाठलाग करा, असा हुकूम याइकच्या कॉसॅकांना सुटला. कॉसॅकांनी पाय मागं घेतला. त्याची चौकशी, शिक्षा, आधीच थकलेले पगार आणि मासेमारीवरच्या करांचा राग, असं सगळं साठून जानेवारी १७७२ मध्ये याइक शहरात बंड झालं आणि चौकशीला आलेला जनरल मारला गेला. बंड मोडलं, पण राख गरम होती. पुढच्याच वर्षी येमेल्यान पुगाचोव हा डॉन नदीकाठचा कॉसॅक तिथं उगवला आणि आपण मेलेला झार तिसरा पीटर आहोत असं सांगू लागला. कॉसॅक, बश्कीर, तातार, काल्मिक आणि कारखान्यांत जुंपलेली कुळं त्याच्यामागं गेली. ओरेनबुर्गला कित्येक महिने वेढा पडला. याइक शहरात त्यानं उस्तिन्या कुझ्नेत्सोवा या कॉसॅक मुलीशी लग्न लावलं आणि तिला सम्राज्ञी म्हणवून घेतलं.

जानेवारी १७७५ मध्ये मॉस्कोत त्याचा शिरच्छेद झाला. त्याच महिन्यात सम्राज्ञी दुसऱ्या कॅथरीनचा हुकूम निघाला : याइक नदी आजपासून उरल, याइक शहर उराल्स्क, याइक कॉसॅक उरल कॉसॅक. हेतूही हुकुमातच सांगितला होता : झाल्या प्रकाराचा कायमचा विसर पडावा. एवढ्यावर भागलं नाही, पुगाचोवच्या जन्मगावाचंही नाव बदललं. तेव्हा उरल हे नदीचं नाव म्हणून जुनं नाही. पानिपतच्या लढाईनंतर चौदा वर्षांनी पडलेलं आहे. डोंगराला ते आधीपासून होतं, तिथून उचललं. त्यात संस्कृत शोधणाऱ्यानं नकळत कॅथरीनचं काम अडीचशे वर्षांनी पुरं केलं.

‘झारनं कॉसॅक नावाची लढवय्यी रशियन जमात आणून इथं वसवली.’

आणली नाही, आणि जमातही नव्हती. डॉन आणि व्होल्गा नद्यांकडून पळालेली कुळं, शिपाई, लुटारू असे लोक सोळाव्या शतकात स्वतःहून इथं येऊन राहिले. त्यांत तातार आणि काल्मिकही मिसळले. त्यांच्यात एक आख्यायिका आहे. पूर्वी मोहिमेवर निघताना कॉसॅक बायकांना टाकून देत आणि येताना नव्या आणत. गुग्न्या नावाच्या सरदारानं आपली बायको टाकली नाही. तिथून घरं स्थिर झाली. त्या आजीच्या, गुग्निखाच्या नावानं उरल कॉसॅक पुढं पेला उंचावत राहिले. वसाहतीचं श्रेय झारला नाही, एका बाईला देणारे लोक हे.

मॉस्कोशी त्यांचं जमलं ते माशांच्या हिशेबावर. नदी सगळ्यांची मिळून होती. कुणा एकाला आपल्या मर्जीनं जाळं टाकता येत नसे. मोठा मासा वर निसटू नये म्हणून उराल्स्कपाशी पात्रात आडवं कुंपण घालत, त्याला ‘उचुग’ म्हणत. वरच्या अंगाच्या ओरेनबुर्गकरांना त्यामुळं स्टर्जन हा मोठा मासा नखभरही दिसत नसे. थंडी पडली की स्टर्जन पात्रातल्या खोल डोहांत थरावर थर रचून निपचित पडतात. कुठला डोह भरला आहे हे आधीच हेरून ठेवलेलं असे, आणि तोवर काठावर गोंगाटालाही बंदी. ठरल्या दिवशी पहाटे हजारो माणसं घोडे-स्लेज घेऊन दोन्ही काठांवर उभी राहत, हातात कित्येक मीटर लांब काठ्या, टोकाला लोखंडी आकडा. कुणी बोलायचं नाही. तोफ उडाली की सगळे बर्फावर धावत सुटत, पहारीनं आपापलं भोक पाडत आणि आकडा खाली सोडत. दिसत काहीच नसे. दचकलेला मासा काठीला घासला की हाताला कळे, तेवढ्यात हिसका द्यायचा. बेलुगा, म्हणजे सर्वांत मोठा स्टर्जन, लागला तर एकट्याचं काम नव्हे, शेजारी आपले आकडे घेऊन धावत आणि तो वाट्यात धरला जाई. पहिली चांगली शिकार आणि माशाची काळी अंडी (कॅव्हिअर) घोड्यांच्या गाड्यांवरून झारच्या वाड्यावर जात. बदल्यात नदी त्यांची.

झारची ही लाडकी ‘जमात’ १८७४ मध्ये लष्करी सुधारणा आल्यावर पुन्हा अडून बसली. त्यांच्यातले जुन्या पंथाचे, म्हणजे रशियन चर्चचे जुने विधी पाळणारे लोक सही करेनात, शपथ घेईनात. हजारोंना अराल समुद्राकडं हद्दपार केलं. त्यांचे वंशज आजही उझबेकिस्तानातल्या काराकल्पाकस्तानात आहेत आणि स्वतःला ‘निघून गेलेले’ असंच म्हणवतात.

‘नदीच्या एका तीराला युरोप, दुसऱ्या तीराला आशिया. दोन्हीकडची माणसं मुळापासून वेगळी.’

दोन्ही तीरांवर तेच गवत आहे. ग्रीकांच्या नकाशात युरोपची हद्द डॉन नदीपाशी संपत होती. ती उरल डोंगर आणि याइकवर आणली अठराव्या शतकात तातिश्चेव या रशियन अधिकाऱ्यानं. म्हणजे ही सीमा त्याच्या लेखणीतून आली.

पण लेखणीनं माणसं मरतात. १७५६ मध्ये हुकूम निघाला की कझाकांनी गुरं घेऊन नदीच्या उजव्या तीरावर यायचं नाही. ज्यांची किस्ताऊ पलीकडं होती त्यांनी काय करायचं? ज्या हिवाळ्यात बर्फावर बर्फाचा कडक थर धरतो आणि गुरांना खुरानं गवत उकरता येत नाही, त्याला कझाक ‘जूत’ म्हणतात. अशा हिवाळ्यात नदी ओलांडणं हा गुन्हा होता आणि न ओलांडणं म्हणजे कळप मरणं. १८०१ मध्ये बोकेई या कझाक सुलतानाला आपल्या माणसांसह पलीकडं चरायची परवानगी मिळाली. पण चांगल्या कुरणांवर हळूहळू खान, जमीनदार आणि कॉसॅक बसले, आणि १८३६ मध्ये इसाताई तैमानुली आणि कवी माखांबेत यांनी बंड केलं. दोन्ही तीरांवरची माणसं मुळापासून वेगळी असती, तर त्यांना वेगळं ठेवायला हुकूम आणि ठाणी लागली नसती.

आता ओरेनबुर्गला पादचारी पुलावर खंडांची खूण आहे, वरून केबलकारही जाते. भाचीनं पहिल्याच आठवड्यात तिथला फोटो पाठवला होता. अतिराऊत तर शहरच दोन्ही तीरांवर आहे. तिथली माणसं सकाळी आशियातून युरोपात कामाला जातात आणि संध्याकाळी येताना भाजी घेऊन पुन्हा आशियात येतात.