खुलासा : मुंबईचं ऑपेरा हाऊस मुळात नाट्यगृह नव्हतं का?

सांगलीतल्या नाट्यरसिकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय : 'मुंबईचं रॉयल ऑपेरा हाऊस हे जुनं सिनेमागृह, 2016 मध्ये त्याचं गाण्याचं सभागृह केलं.' यातला पहिला भाग चूक आहे.

ही वास्तू जिवंत प्रयोगांसाठीच उभी राहिली. बांधकाम 1909 मध्ये सुरू झालं, 1911 मध्ये पाचव्या जॉर्ज राजाच्या हस्ते उद्घाटन झालं, तेव्हा काम अजून चालूच होतं. सिनेमा नंतर आला आणि हळूहळू त्याने रंगमंच व्यापला. 1952 मध्ये गुजरातमधल्या गोंडलच्या राजघराण्याने ती विकत घेतली. पुढे प्रेक्षक आटले, 1990 च्या दशकात दारं बंद झाली. वास्तुविशारद आभा नारायण लांबा यांच्या देखरेखीखाली जीर्णोद्धार होऊन ऑक्टोबर 2016 मध्ये पुन्हा गाणं सुरू झालं. म्हणजे 2016 मध्ये वास्तूला तिचं मूळ काम परत मिळालं.

आपल्यासाठी हा तपशील किरकोळ नाही. सांगली जिल्ह्यातल्या नागठाण्याशी नातं असलेले बालगंधर्व आणि सांगलीत राहिलेले मास्टर दीनानाथ या रंगमंचावर गायले आहेत. 'जुनं सिनेमागृह' म्हटलं की त्यांचं तिथलं गाणंच पुसलं जातं. मजकूर पुढे पाठवलेल्यांनी कृपया ही दुरुस्तीही पाठवावी.