नानावटी सुटले नव्हते, आणि ज्युरीही त्यांच्यामुळे गेली नाही

'द व्हर्डिक्ट : स्टेट व्हर्सेस नानावटी' ही मालिका २०१९ मध्ये ऑल्ट बालाजी आणि झी फाइव्हवर आली. ती कुणी नव्याने पाहिली की एक मजकूर पुन्हा फिरायला लागतो. त्याचा सारांश असा : नौदलातल्या नानावटी नावाच्या अधिकाऱ्याने रागाच्या भरात बायकोच्या प्रियकराला, प्रेम आहुजांना, गोळ्या घातल्या, ज्युरीने (खटला ऐकून निकाल देणाऱ्या सामान्य नागरिकांच्या मंडळाने) त्याला निर्दोष सोडलं, त्या निकालामुळे सरकारने देशातली ज्युरी पद्धतच बंद केली, हा ज्युरीपुढचा शेवटचा खटला ठरला, आणि सरकारतर्फे तो राम जेठमलानींनी लढवला. हा मजकूर कायद्याचे विद्यार्थीसुद्धा विश्वासाने पुढे पाठवतात, म्हणून एकेक दावा तपासून पाहायला हवा.

ज्युरीपासून सुरुवात करू, कारण मजकुराचा सगळा भार त्याच दाव्यावर आहे. प्रेम आहुजांचा खून मुंबईत २७ एप्रिल १९५९ रोजी झाला. पहिल्या विधी आयोगाचा चौदावा अहवाल सप्टेंबर १९५८ चा आहे, म्हणजे खुनाच्या सात महिने आधीचा. आयोगाचे अध्यक्ष होते मो. चि. सेटलवाड. ज्युरी पद्धत रद्द करावी, ही शिफारस त्या अहवालात स्पष्ट शब्दांत आहे. मुळात ज्युरी देशभर एकसारखी कधी नव्हतीच. कोणत्या जिल्ह्यात, कोणत्या गुन्ह्यासाठी ज्युरी बसवायची हे १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने राज्य सरकारांवर सोपवलं होतं, आणि कितीतरी जिल्ह्यांनी ज्युरी कधी पाहिलीही नव्हती. जिथे होती तिथेही ती खर्चिक आहे, तिच्यावर दबाव येतो, अशा तक्रारी नानावटींचं नाव कुणाला माहीत होण्याच्या आधीपासून होत्या. ज्युरी जाणारच होती. या खटल्याने विरोधकांच्या हाती एक ठळक उदाहरण दिलं, एवढं म्हणता येईल. त्याहून जास्त नाही.

शेवटचा खटला म्हणावं, तर तेही खोटं. पश्चिम बंगालमध्ये ज्युरीपुढचे खटले पुढे १९६० च्या दशकातही चालू राहिले. सत्र खटल्यांतून ज्युरीची तरतूद पूर्णपणे गेली ती १९७३ च्या नव्या संहितेने, जी १ एप्रिल १९७४ पासून लागू झाली. म्हणजे खुनानंतर पंधरा वर्षांनी. शिवाय पारशी समाजाच्या वैवाहिक दाव्यांत ज्युरीसारखेच प्रतिनिधी बसवण्याची तरतूद १९३६ च्या कायद्यातही होती आणि ती पुढेही टिकली. नानावटी स्वतः पारशी होते, त्यामुळे हा तपशील मला विशेष लक्षात राहिला आहे.

जेठमलानींचं थोडक्यात. सरकारी वकील होते सी. एम. त्रिवेदी. जेठमलानी आहुजांच्या बहिणीच्या वतीने कामकाजावर लक्ष ठेवत होते आणि फिर्यादी पक्षाला मदत करत होते. नाट्य म्हणून त्यांना मध्यभागी आणणं समजू शकतं, पण सत्र न्यायालयात सरकारची बाजू मांडण्याची जबाबदारी त्यांच्यावर नव्हती.

आता 'निर्दोष सोडलं' हा दावा. ज्युरीने आठ विरुद्ध एक मतांनी 'दोषी नाही' म्हटलं, इथपर्यंत खरं आहे. पण त्या मताने नानावटी सुटले नाहीत. ज्युरीचं मत अजिबात पटलं नाही तर सत्र न्यायाधीश प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवू शकत, तसं जुन्या संहितेचं कलम ३०७ होतं. न्यायाधीश मेहतांनी नेमकं तेच केलं. ११ मार्च १९६० रोजी मुंबई उच्च न्यायालयाने नानावटींना खुनाबद्दल दोषी ठरवून जन्मठेप दिली. त्याच दिवशी राज्यपाल श्रीप्रकाश यांनी शिक्षा स्थगित केली, आणि प्रकरण आपल्यापुढे असताना ही स्थगिती चालणार नाही असं सर्वोच्च न्यायालयाने त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये ठरवलं. २४ नोव्हेंबर १९६१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जन्मठेप कायम केली. नानावटींची सुटका झाली ती १९६४ मध्ये, राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित यांच्या माफीमुळे. माफीने शिक्षा संपते, खून केल्याचा निष्कर्ष पुसला जात नाही. हा फरक मजकुरातून गाळला की एका सिद्ध गुन्हेगाराचा निर्दोष नायक होतो. २०१६ च्या 'रुस्तम' चित्रपटाने तर मारल्या गेलेल्या माणसाला नौदलातल्या भ्रष्ट व्यवहारात गोवलं. खऱ्या खटल्यात असलं काही नव्हतं, तरी आहुजा देशद्रोही होते असं सांगणारे लोक मला भेटले आहेत.

उरला 'रागाचा भर'. मला सगळ्यात जास्त खुपतो तो हाच दावा. गंभीर आणि अचानक प्रक्षोभामुळे माणसाचा ताबा सुटला, तर खुनाचा गुन्हा सदोष मनुष्यवधापर्यंत उतरू शकतो. तो अपवाद आपल्या कायद्यात होता आणि भारतीय न्याय संहितेतही कायम आहे. बचाव पक्षाने त्याचाही आधार घेतला. शिवाय झटापटीत गोळ्या सुटल्या, असंही त्यांचं म्हणणं होतं. पण त्या दुपारचा क्रम पाहा. पत्नीने संबंधांची कबुली दिल्यावर नानावटींनी तिला आणि मुलांना सिनेमाला सोडलं, सहा वाजता न्यायला येतो म्हणून सांगितलं. मग ते आपल्या जहाजावर गेले. रात्री एकट्याने गाडी चालवत अहमदनगरला जायचं आहे, असं कारण देऊन त्यांनी रिव्हॉल्व्हर आणि सहा काडतुसं घेतली आणि ती पाकिटात ठेवली. आहुजांच्या कार्यालयात ते सापडले नाहीत, म्हणून त्यांच्या घरी गेले, शयनगृहात शिरले आणि दार लावून घेतलं. दीडच्या सुमाराला घर सोडलेल्या माणसाने चार वाजून वीस मिनिटांच्या सुमाराला गोळ्या झाडल्या. मधल्या जवळपास तीन तासांत स्वतःवर ताबा मिळवायला पुरेसा वेळ होता, असं न्यायालयाने म्हटलं.

आणि तो टॉवेल. आहुजा नुकतेच न्हाणीघरातून बाहेर आले होते, कमरेला फक्त टॉवेल होता. 'ब्लिट्झ' साप्ताहिकाने नानावटींना डोक्यावर घेतलं होतं आणि रस्त्यावर त्या टॉवेलची थट्टा चालली होती. न्यायालयाने मात्र तो पुरावा म्हणून पाहिला. दोन माणसांत खरंच झटापट झाली असती तर टॉवेल सैल झाला असता, गळून पडला असता. तीन गोळ्या लागून खाली कोसळलेल्या आहुजांच्या कमरेला तो तसाच होता.