जाबदेणार

घरघंटी घेताना आईची एकच अट होती: भाकरीच्या कडेला चिरा पडता कामा नयेत. पेठेतल्या दुकानात साडेअठरा हजार मोजून आणलेली घंटी तीन महिने गुणाने वागली. चौथ्या महिन्यात तिने ज्वारीचा रवा काढायला सुरुवात केली. सोबत असा खडखडाट, की कानातलं यंत्र काढून झोपणारे खालचे आजोबाही वर विचारायला आले.

कंपनीला फोन लावला. एक बाई 'आपला कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे' म्हणायची आणि सनई लावून निघून जायची. त्या सनईवर मी एकदा कुकर लावून, तीन शिट्ट्या घेऊन, तो उतरवलासुद्धा. दुकानदार म्हणाला, "कंपनीशी बोला." कंपनी म्हणाली, "डीलरशी बोला." अखेर मी ऑफिसात असताना एक मेकॅनिक येऊन गेला. झाकण उघडलं, मोबाइलवर दोन फोटो काढले, चिठ्ठीवर 'कस्टमर मिसयूज' लिहिलं आणि आईकडून साडेतीनशे रुपये घेऊन गेला.

पैसे गेल्याचं दुःख होतंच. पण काय झालं, कसं झालं, एका शब्दानं विचारलं नाही! पुणेकर एक वेळ नुकसान सोसेल, पण आपलं मत कुणी घेतलंच नाही, हे कसं सोसेल? बिंदुमाधव जोशींनी १९७४ साली ग्राहक पंचायत याच गावात सुरू केली, यात मला तरी काही नवल वाटत नाही.

सोसायटीतले एक काका कोर्टात कारकून होते. ते म्हणाले, "ग्राहक आयोगात जा. वकील लागत नाही. पाच लाखांपर्यंत फी नाही. कंपनी कुठलीही असो, तू राहतोस त्या जिल्ह्यात तक्रार चालते. आता तर घरबसल्या ऑनलाइनही करता येते." घरबसल्या! एवढं साठवलेलं बोलायचं ते काय कीबोर्डपुढे? मी अकरा पानी तक्रार लिहिली. काकांनी ती दोन पानांवर आणली. "कुकर काढ," एवढंच म्हणाले.

दाखल करून घ्यायची की नाही हे ठरवायची तारीख पडली. तक्रारदाराचं ऐकून घेतल्याशिवाय तक्रार फेटाळता येत नाही, असं २०१९ च्या कायद्यातच लिहिलंय. बसमध्ये उभ्यानं मी भाषणाची उजळणी केली. पुकारा झाला. अध्यक्षबाईंनी चष्म्यावरून पाहिलं आणि म्हणाल्या, "बोला."

"मॅडम, रवा निघतो."

सहा महिन्यांचं भांडवल तीन शब्दांत संपलं. बाई थांबल्या. खरोखर थांबल्या, आणि म्हणाल्या, "अजून?" सनई नाही, 'एक दाबा' नाही. मला भरून आलं. तक्रार दाखल झाली, नोटीस निघाली. आणि गंमत बघा, एवढे दिवस ज्यांनी कसलाच जाब दिला नाही, त्यांना कागदावर म्हणतात 'जाबदेणार'.

म्हणणं मांडायला त्यांना ३० दिवस. आयोगाला पटलं तर वर १५. त्यापुढे एक दिवसही नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मार्च २०२० मध्ये सांगून ठेवलंय. चाळीस दिवस तिकडून हूं की चूं नाही. एक्केचाळिसाव्या दिवशी मी पेढे कुठून आणायचे याचा विचार सुरू केला. चव्वेचाळिसाव्या दिवशी लेखी म्हणणं दाखल झालं.

आता त्यांचं कशाला ऐकायचं? काका म्हणाले, "अरे, तुझं ऐकलं तसं त्यांचंही. नैसर्गिक न्याय म्हणतात त्याला." मला तो बराच अनैसर्गिक वाटला. आपलं ऐकून घेतात तोवर न्याय कसा प्रसन्न वाटतो! पुढच्या तारखेला त्यांचा वकील आला, तोही कोवळा पोरगा, 'सन्माननीय तक्रारदार' म्हणणारा. उर्मट असता तर बरं झालं असतं. त्याने कागदांची प्रत अदबीने माझ्या हातात दिली. माहितीपुस्तिकेतलं एक पान, त्यावर अधोरेखित: 'हळकुंड दळू नये'. मागे मेकॅनिकने काढलेले दोन रंगीत फोटो. आमच्या घंटीचं पातं, जाळी, झाकणाची आतली बाजू. सगळं सत्यनारायणाला बसवल्यासारखं पिवळंधमक.

"तक्रारदारांना यावर काही म्हणायचंय?" बाईंनी विचारलं. "वेळ हवा असेल तर घ्या."

मी वेळ घेतला. व्हरांड्यात येऊन घरी फोन लावला.

"आई, घरघंटीत हळद दळलीस?"

"छे." मग जरा थांबून, "आपली नाही."

"म्हणजे?"

"खालच्या आजोबांची. सव्वा किलो. बाजारच्या हळदीत भेसळ असते म्हणतात."

"अगं, मग सांगायचं नाहीस? आठ महिने मी..."

"आठ महिने तू नुसता कंपनीच्या नावाने ओरडतोयस. मला कुणी विचारलं? तो मेकॅनिक आला तेव्हा मी सांगणारच होते. पण त्या मेल्यानेही विचारलं नाही."

आतून आमच्या नावाचा पुकारा झाला.