आंद्रे होल्मने खरं सांगितलं, पण कुठे?

आंद्रे होल्मचं नाव निघालं की दोन तट पडतात. एक म्हणतो, अठरा वर्षांचं पोर होतं हो, सोडा आता. दुसरा म्हणतो, स्टासी ती स्टासी. मी पहिल्या तटात बसतो, पण जरा अवघडून.

होल्म घरांच्या प्रश्नावर काम करणारा बर्लिनचा समाजशास्त्रज्ञ. कट्टर कम्युनिस्ट घरातला हा मुलगा सप्टेंबर १९८९ मध्ये पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांत, म्हणजे स्टासीत, प्रशिक्षणार्थी म्हणून लागला. दोन महिन्यांत भिंत पडली, पाच महिन्यांत नोकरीही संपली. एवढीच काय ती त्याची स्टासीतली कारकीर्द.

पण खातं साधं नव्हतं. तेव्हा स्टासीत सुमारे ९१ हजार पगारी माणसं होती. त्याखेरीज १ लाख ८९ हजारांच्या आसपास खबरे. आणि देशाची लोकसंख्या पावणेदोन कोटीही नाही! लोकांची पत्रं वाफेवर उघडून वाचायची, पुन्हा चिकटवून पाठवून द्यायची. व्हेरा लेंग्सफेल्ड या तिथल्या सरकारविरोधी कार्यकर्त्या. त्यांना स्टासीच्या फायलींतून कळलं की आपल्यावर पाळत ठेवणारा 'डोनाल्ड' म्हणजे आपलाच नवरा. अशा बाईला "पोर होतं हो" ऐकवायला जाऊ नये.

२००५ साली हुम्बोल्ट विद्यापीठाच्या फॉर्मवर प्रश्न होता: स्टासीत नोकरी केली होती का? होल्मने नाही म्हटलं. फक्त स्टासीच्या रक्षक रेजिमेंटमधली लष्करी सेवा तेवढी नोंदवली. जुलै २००७ मध्ये अतिरेकी गटाशी संबंध असल्याच्या संशयावरून त्याला अटक झाली, आणि त्याआधी कित्येक महिने पोलीस त्याच्या पाळतीवर होते. ही पाळत लोकशाही जर्मनीची, बरं का! तीन आठवड्यांनी तो सुटला, २०१० मध्ये तपासच बंद झाला. त्याच २००७ साली त्याने वर्तमानपत्रातल्या मुलाखतीत स्टासीचं सगळं स्वतःहून सांगितलं.

मग डिसेंबर २०१६ मध्ये तो बर्लिन सरकारात गृहनिर्माणाचा राज्यसचिव झाला आणि सगळ्यांना तो फॉर्म आठवला. जानेवारीत राजीनामा, दोनच दिवसांत विद्यापीठाचीही बडतर्फी. विद्यार्थ्यांनी संस्था ताब्यात घेतली. फेब्रुवारीत त्याने चुकीच्या माहितीबद्दल खेद व्यक्त केला, तेव्हा बडतर्फीची लेखी ताकीद झाली.

मधली नऊ वर्षं विद्यापीठात कुणी पेपर वाचत नव्हतं का? माणूस घरबांधणीवाल्यांना नडणार असं दिसल्यावरच नैतिकता जागी झाली, असा माझा सरळ संशय आहे. ताकीद योग्यच होती. नोकरी घेणं हा आचरटपणा होता.

तरी होल्मला मी पूर्ण माफ करत नाही. मुलाखतीत वाचक निदान ऐकून घेतो. फॉर्मवर 'हो' लिहिलं की नोकरीवर पाणी सोडावं लागू शकतं. खरं बोलायची किंमत जिथे रोख मोजावी लागणार होती, तिथे त्याने हात आखडता घेतला.

पण मग एरिख मिल्केचं काय? १९५७ ते १९८९ स्टासीचा मंत्री. १९९३ मध्ये त्याला सहा वर्षांची शिक्षा झाली, ती कशासाठी? १९३१ सालच्या दोन पोलिसांच्या खुनासाठी. स्टासीतल्या बत्तीस वर्षांसाठी नाही. १९९५ मध्ये सुटलासुद्धा. होल्मच्या पाच महिन्यांवर महिनाभर रान उठवणाऱ्यांनी याचाही हिशोब एकदा मांडावा.