उरलची अभेद्य भिंत आहे तरी कुठे?

स्पर्धा परीक्षांच्या नोट्समध्ये आणि व्हॉट्सॲपवरच्या 'झटपट भूगोल' छाप पोस्टमध्ये एक मजकूर हमखास सापडतो. युरोप आणि आशिया हे खंड निसर्गानेच वेगळे केले, मधे रशियातल्या उरल पर्वताची अभेद्य भिंत आहे, दोन्ही बाजूंचे भूपट्ट (पृथ्वीच्या कवचाचे सरकणारे प्रचंड तुकडे) वेगळे आहेत आणि त्यामुळेच हवामान नि माणसंही वेगळी झाली. मुलं हे पाठ करतात, म्हणून एकेक मुद्दा तपासू या.

आधी ती 'अभेद्य भिंत'. उरलचं सर्वोच्च शिखर नारोदनाया 1,895 मीटर, म्हणजे कळसूबाईपेक्षा जेमतेम अडीचशे मीटर उंच, आणि तेही पार उत्तरेला. मध्य उरल तर टेकड्यांचाच मुलूख. पेर्वोउराल्स्कजवळची बेरेझोवाया टेकडी 413 मीटर. आपलं लोणावळा तिच्याहून दोनशे मीटर वर आहे. सायबेरियाला जाणारी रेल्वे याच भागातून पलीकडे जाते. मॉस्कोपासून 1777व्या किलोमीटरवरचा युरोप-आशिया सीमेचा स्तंभ नजरेतून निसटला, तर खंड बदलल्याचं प्रवाशाला कळायचंही नाही.

चुसोवाया नदीकडे बघा. ती उगम पावते पूर्व उतारावर, आणि अख्खी रांग कापत पश्चिमेला कामा नदीला जाऊन मिळते. रेल्वे येण्याआधी उरलच्या कारखान्यांतलं लोखंड याच नदीतून जायचं. वसंतात धरणांचं पाणी सोडून पूर वाढवायचा आणि त्या लोंढ्यावर तराफ्यांसारखी सपाट जहाजं हाकायची. काठच्या कड्यांवर आपटून कित्येक जहाजं फुटली, पण माल युरोपात पोचतच राहिला.

भूपट्टांच्या मुद्द्यात तथ्य आहे, पण ते फार जुनं. सुमारे 30 ते 25 कोटी वर्षांपूर्वी इथला महासागर मिटला, दोन्हीकडची भूखंडं एकमेकांवर आदळली आणि सांधली गेली. आज उरलच्या दोन्ही बाजू एकाच युरेशियन भूपट्टावर आहेत. उलट आशियातच गणला जाणारा आपला भारत वेगळ्या भूपट्टावर आहे! भूपट्टांवरूनच खंड ठरवायचे, तर सीमा हिमालयात न्यावी लागेल.

हवामानाचं म्हणाल, तर अटलांटिकवरून येणारं बाष्प पश्चिम उतारावर जास्त बरसतं, एवढं खरं. पण उत्तरेला टुंड्रा (गोठलेली, झाडं नसलेली जमीन), मग तैगा (सूचिपर्णी जंगल), दक्षिणेला स्टेप (गवताळ मैदान) हे पट्टे उरल ओलांडून दोन्हीकडे सलग जातात. माणसांचंही तेच. बाश्कीर लोक दोन्ही उतारांवर राहतात. आणि उरल संपल्यावर कॅस्पियनपर्यंत मोकळी गवताळ मैदानं आहेत; मंगोल घोडदळ तिथूनच पश्चिमेला गेलं.

मग ही रेघ मारली कोणी? प्राचीन ग्रीक डॉन नदीला सीमा मानत. उरलची कल्पना अठराव्या शतकातली. रशिया आणि स्वीडन यांच्यातल्या पोल्टाव्याच्या लढाईनंतर रशियाच्या कैदेत सापडून सायबेरियात राहिलेला स्वीडिश अधिकारी स्ट्रालेनबर्ग याने 1730मध्ये ती छापली. उरलच्या खाणींचा कारभार पाहणाऱ्या तातिश्चेव्हचं म्हणणं होतं की कल्पना मूळ त्याचीच. रशिया युरोपीय सत्ता म्हणून उभा राहत होता, त्या काळात ही सीमा सोयीचीही होती.

हा संकेत अजूनही सगळीकडे एकसारखा पाळला जात नाही. दक्षिणेला, काळा समुद्र आणि कॅस्पियन यांच्यामधल्या कॉकेशस पर्वताचा मुख्य कणा सीमा मानला, तर 5,642 मीटरचं एल्ब्रुस युरोपातलं सर्वोच्च शिखर. कॉकेशसच्या उत्तरेचा कुमा-मानिच हा खोलगट पट्टा सीमा मानला, तर तो मान आल्प्समधल्या माँ ब्लाँकडे जातो. परीक्षेत हा प्रश्न आला, तर कोणती सीमा धरली आहे ते आधी बघा.