‘संघ मेला’ असं मी का लिहिलं: मिलिंदरावांच्या प्रतिक्रियेला उत्तर

मिलिंदराव, नमस्कार.

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा चिडून, दुसऱ्यांदा चहा घेऊन. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगतो. अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंड राज्यातल्या पॉटकेट गावचा पॉटकेट रेड सॉक्स, म्हणजे ‘पॉसॉक्स’, हा बॉस्टन रेड सॉक्स या मोठ्या संघाच्या हाताखालचा बेसबॉल संघ. त्याच्यावरच्या माझ्या लेखात मी ‘२०२० साली हा संघ मेला’ असं लिहिलं होतं. मिलिंदरावांचं म्हणणं असं की मेला वगैरे काही नाही, तो साठ-पासष्ट किलोमीटरवर, शेजारच्या मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या वुस्टरला गेला. जाताना मालक तेच, परवाना तोच, खेळाडू बॉस्टनचेच. दुसरं म्हणजे, मायनर लीगचा, म्हणजे मेजर लीग या सर्वोच्च पातळीच्या खालचा संघ ही मोठ्या संघाची रोपवाटिका. रोपवाटिकेला कसली आलीय ओळख? आणि तिसरं, लालबागमध्ये वाढल्यामुळे मला कुठलीही बंद गिरणी दिसली की गहिवरून येतं, त्या भरात पटकिटने हा संघ मुळात दुसऱ्या गावाकडून घेतला होता हे मी सोयीस्करपणे गाळलं. शिवाय जाता जाता एक चूकही दाखवलीत.

(वर ‘पॉटकेट’ आणि ‘पटकिट’ दोन्ही आलंय. स्पेलिंग पाहून पॉटकेट म्हणालात की तिथले लोक ओळखतात, हा बाहेरचा. पुढे पटकिटच लिहितो.)

आधी चूक. मी ‘एका रात्रीत तेहतीस इनिंग’ लिहिलं होतं. एका रात्रीत झाल्या त्या बत्तीस. १८ एप्रिल १९८१, ईस्टरच्या आदल्या दिवशीचा शनिवार, समोर रोचेस्टर रेड विंग्ज. सामना नऊ इनिंगचा, बरोबरी झाली की निकाल लागेपर्यंत पुढे. अमुक वाजल्यानंतर नवी इनिंग सुरू करायची नाही असा त्या लीगचा नियम होता, पण पंचांकडच्या पुस्तिकेत नेमका तोच नव्हता. मग काय, खेळत बसले. थंडी इतकी की खेळाडूंनी मोडक्या बॅटी पेटवून शेकोटी केली. एकविसाव्या इनिंगमध्ये रोचेस्टरने एक रन काढली. आता सुटलो म्हणेपर्यंत पटकिटनेही काढली. शेवटी लीगच्या अध्यक्षांना फोन लागला आणि पहाटे ४ वाजून ७ मिनिटांनी सामना २-२ वर थांबला. आले होते १,७४० प्रेक्षक, उरले होते एकोणीस. तेहतिसावी इनिंग २३ जूनला झाली आणि अठरा मिनिटांत सगळं आटोपलं. व्यावसायिक बेसबॉलमधला हा आजवरचा सर्वांत लांबलेला सामना. तर चूक माझी, लेखात दुरुस्त केली आहे.

पण याच सामन्यात तुमच्या रोपवाटिकेचं उत्तर आहे. त्या रात्री पटकिटकडून वेड बॉग्ज खेळत होता, रोचेस्टरकडून कॅल रिपकेन. दोघेही पुढे बेसबॉलमधल्या थोरांच्या यादीत, म्हणजे हॉल ऑफ फेममध्ये गेले. तुमच्या हिशोबाने ही दोन रोपं जोमदार निघाली, विषय संपला. आता जूनमधल्या त्या अठरा मिनिटांकडे बघा. ज्याच्या फटक्यावर पटकिटचा मार्टी बॅरेट पळत ‘होम’वर आला, म्हणजे रन पूर्ण झाली, आणि ३-२ झाले, तो डेव्ह कोझा. कोझा मेजर लीगमध्ये एकही सामना खेळला नाही. रोपवाटिकेच्या वहीत त्याच्या नावावर फुली. पटकिटमध्ये मात्र त्याचं नाव सांगायला कुणाला आठवावं लागत नाही. बॉस्टनच्या वहीत जो नाही, तो ज्यांच्या वहीत पहिल्या पानावर आहे, त्यांची ओळख बॉस्टनहून वेगळी नाही तर काय?

खेळाडू संघाचे नसतातच, हे मान्य. पगार बॉस्टन देतं, कुणाला कधी वर बोलवायचं, कुणाला खाली धाडायचं ते बॉस्टन ठरवतं. मंगळवारी ज्याच्यासाठी टाळ्या वाजवल्या तो पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, शुक्रवारी बॉस्टनकडून टीव्हीवर दिसतो. हे माहीत असूनही लोक यायचे. कशाला यायचे ते सांगतो.

आम्ही २०१९ पर्यंत ऱ्होड आयलंडमध्ये राहत होतो. पटकिटच्या मॅकॉय स्टेडियममध्ये खेळाडूंची बसायची जागा, म्हणजे डगआउट, थेट प्रेक्षकांच्या पायाखाली होतं. वरून वाकलं तरी खेळाडू दिसायचे नाहीत. म्हणून तिथल्या पोरांनी ‘मासे धरायची’ युक्ती काढलेली. दुधाचा प्लास्टिकचा मोठा कॅन घ्यायचा, पोटाला खिडकी कापायची, आत चेंडू आणि पेन ठेवायचं, आणि दोरीने कॅन खाली सोडून वाट बघायची. मुलगी सात वर्षांची असताना आम्ही घरातला कॅन कापून नेला. दोरी म्हणून बायकोने कपडे वाळत घालायची नायलॉनची दोरी दिली, ती फार जाड, गाठ बसेना. चौथी इनिंग संपता संपता दोरीला खालून हिसका बसला. पोरगी अशी ओरडली की शेजारच्या आजोबांच्या हातातले शेंगदाणे सांडले. वर ओढलं तर चेंडूवर निळ्या शाईचं गिचमिड. मी विचारलं, कोणाची सही? म्हणाली, “पॉसॉक्सची.”

तो कोण होता ते आम्हाला आजतागायत कळलेलं नाही.

आता तिसरा मुद्दा, जो मला खरोखर लागला. होय, गाळलं होतं. बॉस्टनचा ट्रिपल-ए, म्हणजे मेजर लीगच्या लगेच खालच्या पायरीचा संघ १९७२ पर्यंत केंटकीतल्या लुईव्हिलला होता, तो १९७३ मध्ये पटकिटला आला. लुईव्हिलमध्येही कुणी हळहळलं असेलच. त्याच्या आधी तीन वर्षं पटकिटला बॉस्टनचा आणखी एक पायरी खालचा, डबल-ए संघ होता, तोही पिट्सफील्डहून आलेला. म्हणजे ‘आमचं होतं, त्यांनी नेलं’ हा सूर पटकिटच्या तोंडी पूर्णपणे शोभत नाही. तुमचं बरोबर.

फक्त एवढंच की आलेला संघ लगेच पटकिटचा झाला नाही. १९७६ मध्ये तर नावातून गावच काढून ‘ऱ्होड आयलंड रेड सॉक्स’ करून टाकलं होतं. पुढच्याच वर्षी दिवाळं निघालेला संघ बेन मॉन्डॉर यांनी घेतला. हे क्वेबेकमध्ये जन्मलेले, कापडगिरण्यांच्या धंद्यात पैसा केलेले गृहस्थ. त्यांनी पटकिट हे नाव परत आणलं, तिकीट स्वस्त ठेवलं, पार्किंग फुकट ठेवलं. पुढे एका मोसमात सहा लाखांवर लोक येऊ लागले. दलदलीत काँक्रीट ओतून उभं केलेलं, १९४२ चं ते ओबडधोबड स्टेडियम. आता यात गिरणी कुठे आली म्हणाल, तर मी आणली नाही हो. अमेरिकेत पाण्याच्या जोरावर चालणारी पहिली यशस्वी सूतगिरणी, स्लेटर मिल, १७९३ ची, पटकिटमध्येच आहे. आणि १९४६ ते ४९ या गावात जो मायनर लीग संघ होता त्याचं नावच ‘पटकिट स्लेटर्स’ होतं. मी लालबागचा नसतो तरी हे असंच असतं.

मॉन्डॉर २०१० मध्ये गेले. २०१५ मध्ये संघ नव्या मालकांकडे आला आणि नव्या स्टेडियमची बोलणी सुरू झाली. आधी प्रॉव्हिडन्सला नेऊ म्हणाले, ते फिसकटलं. मग स्लेटर मिलजवळच ८ कोटी ३० लाख डॉलरची योजना निघाली, पैकी साडेचार कोटी संघाचे, बाकीचे राज्य आणि नगरपालिकेचे. राज्य कचरलं, आणि त्यामागे एक दुखरी नस होती. बॉस्टनचाच माजी पिचर कर्ट शिलिंग याच्या व्हिडिओ गेम कंपनीला ऱ्होड आयलंडने साडेसात कोटी डॉलरच्या कर्जाची हमी दिली होती आणि २०१२ मध्ये कंपनी बुडाली. करदात्यांचे हात पोळलेले. २०१८ मध्ये विधिमंडळाने मंजूर केलेल्या मसुद्यात राज्याची हमीच नव्हती, म्हणजे व्याज चढं. ऑगस्टमध्ये संघाने वुस्टर जाहीर केलं. मी लेखात सगळा राग मालकांवर काढला होता. आता वाटतं, पोळलेल्या करदात्याचा नकार मी समजून घ्यायला हवा होता. मीही तेव्हा तिथे करच भरत होतो.

२०२० मध्ये निरोपाचा मोसम व्हायचा होता, तो कोविडने खाल्ला. त्या उन्हाळ्यात मॅकॉयच्या हिरवळीवर टेबलं मांडून लोकांना जेवायला बोलावलं होतं. जिथे बॉग्ज धावला तिथे बर्गर.

आता आम्ही वुस्टरला लागून असलेल्या श्रूजबरीत राहतो, त्यामुळे ‘वूसॉक्स’, म्हणजे वुस्टर रेड सॉक्स, हा आमचा घरचा संघ. त्यांच्या पोलर पार्क स्टेडियमला जातो, मराठी मंडळातली दोन-तीन कुटुंबंही असतात. मजा येते. आणि इथेच तुमचा ‘संघ तोच’ हा मुद्दा मला पटत नाही, कारण वुस्टरने तो तसा घेतलेलाच नाही. बोधचिन्हावर बॅट फिरवणारा हसरा चेहरा आहे, कारण तो पिवळा हसरा चेहरा १९६३ मध्ये वुस्टरच्या हार्वी बॉलने काढला. मोबदला मिळाला ४५ डॉलर. गावाचा स्वतःचा बेसबॉलही पटकिटपेक्षा जुना. १२ जून १८८० रोजी ली रिचमंडने मेजर लीगमधला पहिला ‘परफेक्ट गेम’ टाकला, प्रतिस्पर्ध्यांचा एकही माणूस पहिल्या बेसवर पोहोचू दिला नाही, तो वुस्टरकडूनच. गंमत म्हणजे तो तेव्हा प्रॉव्हिडन्सच्या ब्राउन विद्यापीठात शिकत होता, पटकिटच्या शेजारी. ब्लॅकस्टोन नदी वुस्टरहून निघून पटकिटलाच उतरते. पोलर पार्क ज्या कॅनॉल डिस्ट्रिक्टमध्ये आहे, त्याला नाव मिळालं ते त्याच नदीच्या जुन्या कालव्यावरून. तेव्हा परकं गाव म्हणून मी वुस्टरवर चिडू शकत नाही, इच्छा असली तरी.

पण पोलर पार्कमध्ये मी कुणालाही कोझाबद्दल बोलताना ऐकलेलं नाही. त्यांनी बोलावं तरी का? त्यांचा रिचमंड आहे. परवाना नदीच्या वरच्या अंगाला गेला. कोझा खालीच राहिला, त्या एकोणीस जणांबरोबर. मॅकॉय आता पाडलंय, तिथे शाळा व्हायची आहे.

दुधाचा कॅन गॅरेजमध्ये आहे. पेन वाळलंय.

लेखात ‘तेहतीस’चे ‘बत्तीस’ केले, लुईव्हिलचा परिच्छेद घातला, मालकांवरची दोन वाक्यं काढली. ‘मेला’ हा शब्द तसाच ठेवलाय.